राजाच्या आधी कॅमेरा शोधावा : जुन्या दरबारी चित्रफिती पाहण्याची रीत

दिल्लीचे दरबार, युरोपातील राज्याभिषेक आणि राजघराण्यांतील अंत्ययात्रा यांच्या शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वीच्या चित्रफिती आज संगणकावर सहज पाहता येतात. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूट आणि ब्रिटिश पाथे यांच्या संग्रहांतील पुष्कळ साहित्य सर्वांना खुले आहे, आणि पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयासारख्या संस्थेकडेही चौकशी करता येते. साहित्य इतके हाताशी असूनही ते पाहावे कसे, हे मात्र फारसे कोणी सांगत नाही. फीत सुरू झाली की पाहणारा राजाचा चेहरा शोधू लागतो, हत्ती-घोडे न्याहाळतो आणि खालच्या मथळ्यावर विश्वास ठेवून मोकळा होतो. माझ्या मते हा क्रम उलटा असावा. कॅमेरा कुठे उभा होता, त्याला तिथे कोणी उभे राहू दिले, त्याच्या पेटीत किती फिल्म मावत होती आणि कॅमेरा चालवण्याचे हाताने फिरवायचे हँडल किती वेगाने फिरत होते, एवढ्या गोष्टी आधी ठरवाव्यात आणि मग राजाकडे वळावे. त्या ठरवल्याशिवाय समारंभाविषयी काढलेला निष्कर्ष कच्चाच राहतो. पुढे सांगितलेली रीत मुख्यतः १८९६ ते १९१२ या काळातील फितींसाठी आहे.

कॅमेऱ्याची जागा

पहिली पाहणी आवाज बंद करून करावी. या काळातील मूळ फितींना ध्वनी नव्हता, त्यामुळे बँडचे सूर, तोफांचे बार आणि निवेदकाचे बोल जे काही ऐकू येते ते पुढे कोणीतरी जोडलेले असते. दुसऱ्या पाहणीत माणसांकडे मुळीच लक्ष न देता चौकटीतील स्थिर वस्तू, म्हणजे खांब, कमानी, पायऱ्या, निशाणाच्या काठ्या, कागदावर ढोबळपणे रेखाटाव्यात. गर्दीतील पगड्यांचे आणि टोप्यांचे माथे वरून दिसत असतील तर कॅमेरा मचाणावर किंवा गच्चीत आहे. पुढच्या रांगेतील पाठी चौकट अडवत असतील तर तो प्रेक्षकांमध्येच कुठेतरी अडकला आहे. हा फरक क्षुल्लक नाही. मचाणाला जागा आणि परवानगी लागते, आणि राजसमारंभात परवानगी म्हणजे दरबारी मर्जी.

मे १८९६ मध्ये मॉस्कोत झार दुसरा निकोलस याचा राज्याभिषेक झाला, तेव्हा फ्रान्सच्या ल्यूमिएर या चित्रफिती काढणाऱ्या कंपनीच्या लोकांना क्रेमलिनच्या आवारात कॅमेरा लावू दिला गेला. कामील सेर्फ, शार्ल म्वासाँ आणि फ्रान्सिस दुब्लिए ही त्या कामगिरीवरील नावे. त्यामुळे पायऱ्यांवरून उतरणारी शाही मिरवणूक आपल्याला दिसते, पण प्रत्यक्ष अभिषेकाचा विधी दिसत नाही, कारण तो कॅथेड्रलच्या आत झाला. पुढच्या वर्षी, २२ जून १८९७ रोजी, राणी व्हिक्टोरियाच्या हीरक महोत्सवात लंडनला वेगळाच योग आला. वयोमानामुळे राणीला सेंट पॉल कॅथेड्रलच्या पायऱ्या चढवत नव्हत्या, म्हणून आभारप्रार्थना पायऱ्यांपाशी, उघड्यावर झाली, आणि एरवी भिंतींआड राहिला असता तो भाग कॅमेऱ्यांच्या टप्प्यात आला. मिरवणुकीचा मार्ग आधीच ठाऊक असल्याने अनेक कंपन्यांनी वाटेवर मोक्याच्या जागा धरून ठेवल्या होत्या, म्हणून एकाच स्वारीच्या निरनिराळ्या कोनांतील फिती मिळतात. अशा दोन फिती एकमेकींशेजारी ठेवून घोड्यांचे रंग आणि गाड्यांचा क्रम जुळवला, तर एकीत सुटलेला भाग दुसरीत सापडतो.

कॅमेरा वळतो का, हेही पाहावे. सुरुवातीला यंत्र तिकाटण्यावर घट्ट बसवलेले असे, आणि मिरवणूक चौकटीच्या एका बाजूने शिरून दुसऱ्या बाजूने निघून जाई. रॉबर्ट पॉल या लंडनच्या कारागिराने १८९७ च्या याच महोत्सवासाठी कॅमेरा आडवा फिरवता येईल असे तिकाटण्याचे डोके बनवले. जिथे कॅमेरा राणीच्या गाडीमागोमाग वळतो आणि तिच्या मागची पथके सोडून देतो, तिथे कॅमेरामनने निवड केलेली असते. ती निवड टिपून ठेवावी.

दिशा ठरवायला सावली फार उपयोगी पडते. डिसेंबरच्या मध्यास दिल्लीत माध्यान्हीचा सूर्य क्षितिजापासून जेमतेम ३८ अंश वर असतो, आणि उभ्या माणसाची सावली त्याच्या उंचीच्या सव्वापटीहून किंचित अधिक लांब, उत्तरेकडे पडते. सावल्या याहून बऱ्याच लांब असतील तर दृश्य सकाळचे किंवा उतरत्या दुपारचे आहे. सावल्या कॅमेऱ्याकडे येत असतील तर कॅमेरा उन्हाला तोंड करून उभा आहे. हे काम कोणताही कॅमेरामन खुशीने करत नाही, तेव्हा ती जागा त्याला नेमून दिलेली असण्याचा संभव धरावा.

रिळाची लांबी आणि हँडलचा वेग

ल्यूमिएरच्या यंत्रात सुमारे १७ मीटर फिल्म बसे आणि ती पन्नासेक सेकंदांत संपे. त्यामुळे १८९६ च्या फितीत तास-दोन तासांच्या सोहळ्याचे सुटे तुकडेच असतात, आणि दोन तुकड्यांच्या मधला काळ किती गेला हे फीत सांगत नाही. १९११ पर्यंत ४०० फुटांच्या पेट्या रुळल्या होत्या. एका फुटात १६ चित्रे आणि सेकंदाला १६ चित्रे असा हिशेब धरला, तर अशी पेटी ४०० सेकंद, म्हणजे पावणेसात मिनिटांच्या आत संपते. पण फिल्म महाग असल्याने कॅमेरामन महत्त्वाची स्वारी येईपर्यंत हँडल थांबवी आणि पुन्हा सुरू करी. थांबताना आणि सुरू होताना वेग मंदावतो, त्या एक-दोन चित्रांवर प्रकाश जास्त पडतो आणि पडद्यावर क्षणभर पांढरी झाक येते. फीत एकेक चित्र पुढे सरकवत अशा झाका शोधाव्यात. सलग वाटणाऱ्या मिरवणुकीतून कोणाकोणाला गाळले आहे, ते या सांध्यांवर कळते. कात्रीने नंतर केलेल्या जोडाला ही झाक बहुधा नसते. तिथे दृश्य एकदम उडी मारते.

वेगाची परीक्षा त्याहून सोपी आहे, तरी ती फारच थोडे लोक करतात. हँडलच्या एका फेऱ्यात आठ चित्रे आणि सेकंदाला दोन फेरे अशी सर्वसाधारण रीत होती. अशी फीत बोलपटाच्या सेकंदाला २४ चित्रांच्या वेगाने चालवली की सारे दीडपट घाईने हलू लागते, आणि गंभीर दरबाराचा पोरखेळ होतो. चौकटीत पलटण असेल तर घड्याळ लावून तिची पावले मोजावीत. ब्रिटिश पायदळाच्या द्रुत चालीत मिनिटाला १२० पावले पडतात. मोजणीत १८० आली तर फीत दीडपट वेगाने धावते आहे असे समजून वेग दोनतृतीयांशावर आणावा. पलटण नसेल तर घोड्याची चाल किंवा चवरी ढाळणाऱ्याचा हात यांवरून अंदाज बांधता येतो, पण तो अंदाजच राहतो. राजा चालताना अडखळला की नाही, कोणी घाईने मुजरा केला की नाही, असल्या प्रश्नांना वेग दुरुस्त केल्याखेरीज हात घालू नये.

काळा डगला खरोखर काळा होता का

त्या काळची प्रचलित फिल्म निळ्या प्रकाशाला संवेदनशील आणि तांबड्याला जवळजवळ आंधळी होती. ब्रिटिश पलटणींचे लालभडक डगले, संस्थानिकांचे किरमिजी शेले आणि लाल मखमलीच्या झुली तिच्यावर गडद, काळपट उमटतात. उलट निळा पट्टा फिकट दिसतो आणि निळे आकाश कोरे पांढरे होते. म्हणून कृष्णधवल फितीवरून पोशाखाचा रंग सांगू नये. पलटणीचे किंवा संस्थानाचे नाव आधी निश्चित करावे आणि रंग लेखी वर्णनातून घ्यावा. आजकाल संगणकाने रंगवलेल्या आणि वेग गुळगुळीत केलेल्या आवृत्त्यांचा सुळसुळाट झाला आहे. त्यांतले रंग अनुमानाने भरलेले असतात, मधली चित्रे यंत्राने रचलेली असतात, आणि चेहऱ्यांचे बारकावेसुद्धा कधी कधी यंत्रानेच घडवलेले असतात. करमणुकीसाठी त्या ठीक आहेत; पुराव्यासाठी त्यांच्याकडे पाहूही नये.

याला एक मोठा अपवाद आहे. जॉर्ज अल्बर्ट स्मिथ याने १९०६ मध्ये पेटंट घेतलेली आणि चार्ल्स अर्बन याने बाजारात आणलेली किनेमाकलर ही पद्धत खरोखरच रंग टिपत असे. कॅमेऱ्यासमोर तांबडा आणि हिरवा असे दोन फिल्टर आळीपाळीने फिरत, फिल्म कृष्णधवलच असे पण तांबड्यालाही संवेदनशील करून घेतलेली, आणि वेग दुप्पट, सेकंदाला ३२ चित्रे, ठेवावा लागे. दाखवतानाही तसेच फिल्टर फिरत आणि दोन रंग प्रेक्षकाच्या डोळ्यात मिसळत. अर्बनने १९११ च्या दिल्ली दरबाराचे आणि राजा पाचवा जॉर्ज याच्या हिंदुस्थानातील दौऱ्याचे चित्रण या पद्धतीने केले, आणि २ फेब्रुवारी १९१२ रोजी लंडनच्या स्काला नाट्यगृहात सुमारे अडीच तासांचा तो कार्यक्रम सुरू झाला. इतर कंपन्यांच्या कृष्णधवल फिती कित्येक आठवडे आधीच लंडनमध्ये येऊन गेल्या होत्या, तरी लोक रंगासाठी लोटले. प्रतिस्पर्धी आपल्या निगेटिव्हची नासधूस करतील या भीतीने त्या दिल्लीतील तंबूखाली वाळूत पुरून ठेवल्या होत्या, असे अर्बन पुढे सांगत असे. धंदेवाईक माणसाच्या आठवणीत थोडे मीठमसाला असणारच, हे धरून ती वाचावी. त्या भव्य कार्यक्रमापैकी आज फारच थोडा भाग उरला आहे.

किनेमाकलरची फीत ओळखण्याच्या दोन खुणा आहेत. तांबडे आणि हिरवे चित्र एकाच क्षणी टिपले जात नसल्याने वेगाने हलणाऱ्या वस्तूच्या कडांना, विशेषतः घोड्याच्या पायांना, तांबडी-हिरवी किनार दिसते. फिल्टरविना तीच फीत चालवली, तर लाल डगला एका चित्रात उजळ आणि पुढच्यात गडद असा लुकलुकतो. हाताने किंवा साच्याने रंगवलेल्या फितीत असे काही होत नाही. तिथे रंग वस्तूच्या कडेबाहेर सांडलेला दिसतो.

कोणता दरबार, कोणते वर्ष

मथळ्यांमधील सर्वांत मोठा घोळ १९०३ आणि १९११ च्या दरबारांचा असतो. (१८७७ चा म्हणून कोणी चलच्चित्र दाखवले तर चर्चेला जागाच नाही, तेव्हा सिनेमा जन्मलेला नव्हता.) १ जानेवारी १९०३ च्या दरबाराला राजा सातवा एडवर्ड आला नव्हता. व्हॉइसरॉय लॉर्ड कर्झन अध्यक्षस्थानी होता, आणि राजाचा भाऊ ड्यूक ऑफ कॅनॉट पाहुणा होता. त्याआधी २९ डिसेंबर १९०२ रोजी निघालेली हत्तींची प्रचंड मिरवणूक ही त्या सोहळ्याची ओळख. १९११ मध्ये पाचवा जॉर्ज आणि राणी मेरी स्वतः आली, आणि ७ डिसेंबरच्या दिल्लीप्रवेशात राजा घोड्यावर होता. फील्ड मार्शलच्या गणवेशात तो इतर अधिकाऱ्यांमध्ये इतका मिसळून गेला, की रस्त्यावरच्या पुष्कळ लोकांना राजा कोणता हेच कळले नाही. फितीतही त्याला शोधताना तीच अडचण येते. १२ डिसेंबरच्या मुख्य दरबारात मात्र त्याच्या डोक्यावर मुकुट होता, आणि तो खास या दौऱ्यासाठी घडवलेला होता, कारण इंग्लंडचा राजमुकुट देशाबाहेर नेण्याची प्रथा नव्हती. ढोबळ नियम असा : दिल्लीच्या रस्त्यावर हौद्यातला व्हॉइसरॉय दिसला तर १९०२-०३, शामियान्यात मुकुट घातलेला राजा दिसला तर १९११. पण नुसत्या हत्तींवरून वर्ष ठरवू नये, कारण जानेवारी १९१२ मध्ये कलकत्त्याच्या मैदानावर राजासमोर झालेल्या देखाव्याच्या मिरवणुकांतही हत्ती होते.

मुंबईच्या दृश्यांसाठी आणखी सोपी खूण आहे. राजा-राणी २ डिसेंबर १९११ रोजी अपोलो बंदरावर उतरली, तेव्हा तिथे स्वागतासाठी उभारलेला तात्पुरता मंडप होता. गेटवे ऑफ इंडियाची कोनशिला ३१ मार्च १९१३ रोजी बसली आणि वास्तू ४ डिसेंबर १९२४ रोजी खुली झाली. पूर्ण झालेली कमान मागे दिसत असेल, तर ती फीत पाचव्या जॉर्जच्या आगमनाची असूच शकत नाही, मथळा काहीही म्हणो.

मांडणी की घटना

राज्याभिषेकाचा आतला विधी स्पष्ट, समोरून, रंगमंचासारखा दिसत असेल, तर आधी संशय घ्यावा. ऑगस्ट १९०२ मध्ये सातव्या एडवर्डच्या राज्याभिषेकाला वेस्टमिन्स्टर ॲबेत कॅमेऱ्यांना मज्जाव होता. अर्बनने म्हणून फ्रान्सचा चित्रपटकार जॉर्ज मेलिएस याच्याकडून तो सोहळा पॅरिसजवळच्या माँत्रय येथे रंगवलेल्या पडद्यांपुढे नटांकरवी आधीच करून घेतला, आणि ९ ऑगस्टच्या संध्याकाळी लंडनच्या अलहॅम्ब्रा नाट्यगृहात तो दाखवला गेला. मूळ समारंभ जूनमध्ये व्हायचा होता. राजाच्या शस्त्रक्रियेमुळे तो पुढे गेला आणि विधी आखडते घ्यावे लागले, त्यामुळे प्रत्यक्षात न झालेला भागही फितीत आला. यात प्रेक्षकांची फसवणूक झाली असे सरसकट म्हणता येत नाही, कारण वर्तमानपत्रांतील चित्रेही त्या काळी कल्पनेनेच काढली जात. आपण मात्र फसू नये. सर्व पात्रे डोक्यापासून पायापर्यंत चौकटीत बेताने बसलेली, कोणीही कोणाला अडवत नाही, एकच ठाम सावली कुठे नाही, आणि कॅमेऱ्याकडे चुकूनही कोणी पाहत नाही, ही मांडलेल्या दृश्याची लक्षणे आहेत. खऱ्या समारंभात कोणीतरी शिपाई मध्येच येतो, घोडा बिथरतो, आणि चार पोरे लेन्सकडे टक लावून उभी असतात. सेसिल हेपवर्थ या इंग्लिश चित्रपटकाराने लिहिले आहे, की २ फेब्रुवारी १९०१ रोजी व्हिक्टोरियाच्या अंत्ययात्रेत त्याच्या कॅमेऱ्याचा खडखडाट त्या शांततेत इतका मोठा झाला, की नव्या राजाचे लक्ष तिकडे गेले आणि तो क्षणभर थांबला.

एक सविस्तर उदाहरण : सयाजीरावांचा मुजरा

सगळी रीत एकत्र वापरून पाहायची असेल, तर १९११ च्या दरबारातील महाराजा सयाजीराव गायकवाड यांचा प्रसंग घ्यावा. शिरस्ता असा होता, की संस्थानिकाने शामियान्यापुढे येऊन राजा-राणीला लवून मुजरा करावा आणि पाठ न वळवता काही पावले मागे सरकावे. हैदराबादच्या निजामानंतर बडोद्याची पाळी आली. सयाजीराव साध्या पांढऱ्या पोशाखात, हातात छडी घेऊन आले, त्यांनी थोडक्यात मुजरा केला, आणि वळून ते चालू लागले. अँग्लो-इंडियन आणि ब्रिटिश वर्तमानपत्रांनी त्याला राजद्रोहाचा रंग दिला, राष्ट्रवादी मंडळींना तो स्वाभिमान वाटला, आणि महाराजांनी व्हॉइसरॉय लॉर्ड हार्डिंज याला खुलाशाचे दिलगिरीपत्र लिहिले, ज्यात मनाच्या गोंधळाचे आणि निजामाची रीत नीट पाहता न आल्याचे कारण होते. प्रसंग चित्रफितीत आला होता, म्हणून वादात फीतही ओढली गेली.

ही फीत पाहताना प्रथम वेग दुरुस्त करावा, कारण दीडपट वेगात कोणताही मुजरा तुटक आणि कोणतेही वळणे उद्धट दिसते. मग कॅमेऱ्याचे अंतर पाहावे : आकृत्या लहान आहेत, चेहऱ्यावरचा भाव वाचण्याइतकी स्पष्टता नाही, तेव्हा महाराज हसले, रागावले, गोंधळले यांपैकी काहीही या पुराव्यावर सांगू नये. त्यानंतर आधीच्या आणि नंतरच्या संस्थानिकांची पावलेही तितक्याच काटेकोरपणे मोजावीत. एकट्या गायकवाडांना मापात धरून उपयोग नाही. मुजरा आणि वळणे यांच्या मध्ये पांढरी झाक किंवा उडी आहे का, हे एकेक चित्र सरकवून तपासावे, कारण तिथे काही सेकंद गळाले असतील तर सारा अर्थ बदलतो. शेवटी पोशाख. पांढरे कापड या फिल्मवर इतके उजळते की त्यावरचे बारीक दागिने नाहीसे होतात. महाराजांनी अलंकार घातले होते की उतरवले होते, हे त्या चौकटीवरून ठरवणे धाडसाचे आहे. हे सर्व केल्यावर हातात उरते ते एवढेच, की महाराज ठरल्याप्रमाणे मागे सरकले नाहीत. हेतूचा निवाडा पत्रव्यवहार आणि बडोद्याचे तत्कालीन राजकारण पाहून करावा.

जे चित्रात नाही

मॉस्कोच्या राज्याभिषेकानंतर चारच दिवसांनी, खोदिन्का मैदानावर राजाच्या भेटवस्तूंसाठी जमलेल्या गर्दीत चेंगराचेंगरी होऊन अधिकृत आकड्यानुसार १,३८९ माणसे मेली. दुब्लिए तिथे कॅमेरा घेऊन हजर होता. त्याच्या सांगण्यानुसार पोलिसांनी यंत्र आणि फिल्म जप्त केली. म्हणून राज्याभिषेकाची फीत पाहताना तिच्या शेजारी ही न उरलेली फीत मनात ठेवावी लागते.

आपल्याकडची उणीव वेगळ्या प्रकारची आहे. सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर यांनी १८९९ मध्ये मुंबईत कुस्तीचे, १९०१ मध्ये रँग्लर परांजपे यांच्या स्वागताचे आणि १९०३ मध्ये दिल्ली दरबाराचे चित्रण केले. बंगालमध्ये हिरालाल सेन यांनी १९११-१२ च्या शाही भेटीची फीत काढली, पण १९१७ च्या आगीत त्यांचे काम भस्मसात झाले. आपल्यापुढे उरलेली दरबारी दृश्ये त्यामुळे जवळजवळ सर्व ब्रिटिश कंपन्यांच्या कॅमेऱ्यांची आहेत. देशी कॅमेरामनला कुठे उभे राहू दिले असेल आणि त्याने हँडल कोणासाठी फिरवले असेल, याचे अनुमान फितीवरून करता येत नाही. त्यासाठी तत्कालीन मराठी आणि बंगाली वर्तमानपत्रांतील जाहिराती चाळाव्यात.

नोंद ठेवताना

प्रत्येक फितीसाठी संग्रहाचे नाव आणि क्रमांक, मूळ मथळा, आपण ठरवलेला दिवस आणि जागा, आणि तो कशावरून ठरवला हे स्वतंत्रपणे लिहावे. मथळ्यातील वर्ष आणि आपले अनुमान एकाच रकान्यात मिसळू नये. दरबारांचे छापील कार्यक्रम आणि १९११ च्या भेटीचा सरकारने १९१४ मध्ये प्रसिद्ध केलेला वृत्तान्त ताडून पाहण्यास चांगले आहेत, मात्र छापील कार्यक्रमात जे ठरले होते ते असते, झाले ते नव्हे. सांधे, झाका आणि मोजलेला वेग यांच्या वेळा सेकंदांत टिपाव्यात, आणि त्या वेळा मूळ वेगाच्या की दुरुस्त केलेल्या, हे शेजारी लिहावे. एकाच दृश्याच्या दोन प्रती मिळाल्या तर लांब प्रत आधाराला घ्यावी, आणि आखूड प्रतीत कोणती माणसे गळाली आहेत त्यांची यादी करावी.